बिब्ब्यानं बरा झालेला गुडघा

माझ्या उजव्या गुडघ्याच्या वाटीखाली, नडगी सुरू होते तिथं, सुपारीएवढा टणक उंचवटा आहे. जमिनीवर गुडघा टेकला की अशी कळ जाते की तोंडातून शिवी निघते, आणि मी ती गिळत नाही. देवळात बायका वळून बघतात. बघू देत.

हा उंचवटा नववीत आला. तेव्हा आम्ही तलवाड्यात राहायचो. अप्पांचं, म्हणजे माझ्या वडलांचं, किराणा दुकान होतं. दुकानाच्या दारात शाम्पूच्या पुड्यांच्या माळा नुकत्याच लटकायला लागल्या होत्या, चौकात फोनचा पिवळा बूथ आला होता, दोन घरांत केबल आली होती. एवढं सगळं नवं चाललं होतं, पण पोरीनं चड्डी घालून खो-खो खेळायचं म्हटलं की तेच जुनं तुणतुणं, लोक काय म्हणतील. तरी मी खेळले. कारण मी लई चपळ होते. हे माझं मलाच सांगावं लागतं, दुसरं कुणी सांगत नाही.

खो-खोत काय, सारखं उकिडवं बसायचं आणि खो मिळाला की बाण सुटल्यासारखं उठायचं. खांबाजवळ सूर मारायचा तो गुडघ्यावर. दिवाळीनंतर उठताना गुडघ्याखाली टोचायला लागलं. आधी थोडं, मग जिना चढताना, मग नुसतं बाकावर बसलं तरी. हात लावून पाहिलं तर तिथं गाठ. मी खेळाच्या सरांना दाखवली. सर उंचेपुरे, तालमीत वाढलेले. त्यांनी गाठ बोटानं दाबली, मी ओरडले, तर म्हणाले, "नाटकं करू नको. दुखणं जिरवायचं असतंय. रोज पन्नास उठाबशा जास्तीच्या काढ."

आणि मी काढल्या! आज आठवलं की स्वतःच्याच थोबाडीत द्यावीशी वाटते. दुखऱ्या जागेवर रोज पन्नास घाव घालायचे आणि वरून सरांना "झाल्या सर" म्हणून सांगायचं. आमच्याकडे दुखण्याला माणूस असंच वागवतो, शत्रू असल्यासारखं. थांब, बस, जरा आराम कर, असं म्हणणारं एकही तोंड त्या शाळेत नव्हतं.

पण मला थांबायचंही नव्हतं. आमचा संघ जिल्ह्यात पहिला आला होता आणि औरंगाबादला विभागाची निवड होती. सर घरी येऊन अप्पांना म्हणाले होते, पोरीची निवड झाली तर खेळाच्या वसतिगृहात जागा मिळेल, राहणं, शिकणं सगळं तिकडंच. माझ्या मोठ्या बहिणीचं दहावी झाल्या झाल्या लग्न लावून दिलं होतं. माझ्यासाठीही पाहुण्यांची चर्चा कानावर येत होती. अप्पा विचारात पडले, मग म्हणाले, "निवड तर होऊ द्या. झाली तर जाईल ती." अप्पांचा शब्द म्हणजे शब्द. मी त्या दिवशी दुकानातल्या गुळाचा खडा तोंडात टाकून दारामागं एकटीच नाचले. औरंगाबाद म्हणजे माझी सुटका होती.

माय चुलीपुढं भाकरी थापत होती, थापत राहिली.

निवडीला चार दिवस राहिले तेव्हा मी लंगडत होते. माय म्हणाली, "ये, बिब्बा लावते. चालायला तरी यील." आमच्याकडे गुडघा, टाच, कंबर काहीही दुखो, बिब्बा ठरलेला. सुईला बिब्बा टोचायचा, दिव्यावर धरायचा, त्यातून काळं तेल सुटलं की दुखऱ्या जागेवर त्याच सुईनं फुल्या काढायच्या. बहुतेकांच्या कातडीवर काळा डाग पडतो आणि तेवढ्यावर भागतं. काहींना मात्र बिब्बा उततो. फोड येतात, पाणी सुटतं, अंग सुजतं. मायेनं माझ्या गुडघ्यावर एक-दोन नाही, वाटीच्या चहूबाजूंनी फुल्या काढल्या. मी म्हटलं, "माय, लई झाल्या की." ती म्हणाली, "गप बस."

दुसऱ्या दिवशी गुडघा भोपळ्याएवढा. तिसऱ्या दिवशी फोड मांडीपर्यंत, डोळे सुजून बारीक झालेले, अंगाला खाज अशी की भिंतीला पाठ घासत होते. शेजारणी खोबरं चावून लेप लावत होत्या, तीळ खाऊ घालत होत्या. चौथ्या दिवशी सकाळी शाळेपुढं जीप उभी राहिली. आमच्या घरावरूनच ती गेली. आतल्या पोरींनी हात केले. माझ्या जागी आठवीतली एक पोरगी बसली होती, तिनं मात्र खाली मान घातली. मी खाटेवर बसून धाय मोकलून रडले. माय शेजारी बसून वारा घालत होती. तिच्याही डोळ्यांत पाणी होतं. मला वाटलं, माझ्यासाठी रडतेय बिचारी.

फोड सुकायला, खपल्या पडायला दीड महिना गेला. दीड महिना मी धावले नाही, उकिडवी बसले नाही, एक उठाबशी काढली नाही. आणि गुडघा दुखायचा थांबला. गाठ तशीच, पण कळ गेली.

मग काय विचारता! बिब्ब्यानं गुण दिला, असं गावभर झालं. सरांनीसुद्धा वर्गात सांगितलं. चकलांब्याहून एक बाई आपल्या लेकीला घेऊन आली, मग आणखी आल्या. "ही बघा माझी पोरगी, कशी पळती," म्हणून माय मला पुढं उभी करायची आणि मी परकर वर करून गुडघ्यावरचे डाग दाखवायचे. मी स्वतः! दहावीच्या सुट्टीत माझं लग्न झालं.

पुढं सहा-सात वर्षांनी, बीडला सासरी असताना, गुडघा पुन्हा धरला. पाणी भरून, फरशी पुसून. नवऱ्यानं हाडांच्या डॉक्टरकडं नेलं. त्यांनी फोटो काढून काचेवर लावला आणि काडीनं दाखवलं. वाटीखालून येणारी जाड शीर जिथं नडगीच्या हाडाला चिकटते, तिथं हाडाला चोच आल्यासारखी वर आलेली. म्हणाले, "लहानपणी लई खेळलात का? वाढत्या वयात हाड कोवळं असतं, शीर त्याला ओढत राहते. ओढ बसली की तिथं सूज येते, हाड वाढतं. तेव्हा थोडे दिवस उड्या कमी करायच्या, बर्फ लावायचा, मांडीचा व्यायाम करायचा, बस. पोरं खेळतात पुन्हा." मी विचारलं, "आणि बिब्बा?" ते हसले. "बिब्बा कातडीला लागतो, ताई. हाडाला त्याचा पत्ताही नसतो. तुम्ही बसून राहिलात म्हणून थांबलं."

मी तो हसरा डॉक्टर, ते सर, त्या उठाबशा, सगळ्यांवर एकदम भडकले. थोडे दिवस! मला थोडे दिवस कुणी दिले नाहीत, आणि जे दीड महिना बसवून ठेवलं ते फोडांनी. फोटोचं पाकीट काखेत मारून मी तशीच तलवाड्याच्या गाडीत बसले. मायेला सांगायचं होतं की तुझा बिब्बा खोटा आहे, आता तरी पोरांचे गुडघे पोळणं बंद कर. त्याहून जास्त काही माझ्या मनात नव्हतं, देवाशप्पथ.

घरी गेले तर ओसरीवर सुईला टोचलेला बिब्बा, दिवा पेटलेला, आणि समोर गल्लीतली एक बारा-तेरा वर्षांची पोरगी गुडघा उघडा करून बसलेली. माय तिचा गुडघा सोडून तिच्या मनगटावर सुईनं एकच ठिपका देत होती.

"आज येवढंच," माय तिला म्हणाली. "उद्या ये. इथं उतला न्हाई तर गुडघ्याला लावते. उतला तर मी लावत नसते, बाई. लेकराचे हाल होतेत."

पाकीट माझ्या हातातच राहिलं. मी म्हटलं, "माय, माझ्या मनगटाला कावून न्हाई लावलास?"

ती दिवा विझवायला लागली.

"माय, मी काय विचारतेय?"

"तुझं मला ठावं होतं," ती म्हणाली. "तू सहा महिन्यांची असताना सुईणीनं टाळूला लावलता. अंगभर उतलीस. मरता मरता वाचलीस."

"मग?"

"मग काय! तुझा बाप हो म्हणून बसला होता. त्याला न्हाई म्हणायची माझी टाप न्हवती. एवढी तरणी पोरगी, परमुलखात, चड्ड्या घालून. तू माझं ऐकली असतीस का?" आणि माझ्याकडं न बघता, "पाय तर बरा झाला ना तुझा?"

माझ्या अंगाची आग आग झाली. डोकं फोडावंसं वाटलं, तिचं की माझं ते कळेना. ती पोरगी भेदरून आमच्याकडं बघत होती. मी तिचा हात खसकन ओढला आणि तो काळा ठिपका अंगठ्यानं पुसायला गेले.

मायेनं झडप घालून माझं मनगट धरलं. म्हातारीच्या हातात एवढा जोर कुठून आला कोण जाणे. "अगं हात नको लावू!" ती किंचाळली. "तुला उतंल!"

हे त्या दिवशी म्हणायचं होतंस, माय.