न विचारता सोडलेली गाय

गायचोरीची ती फिर्याद माझ्या डोक्यातून अजून जात नाही. केज तालुक्यातल्या एका ठाण्यात मी नवाच फौजदार होतो. अंगात वर्दीची रग. हाताखाली एक जुने जमादार होते, वयाने वडिलांसारखे. मला 'सायेब' म्हणायचे आणि रोज माझे कान उपटायचे.

फिर्यादीचा भाऊ बायकोसह ऊसतोडीला गेला होता. जाताना त्याने गाय शेजारच्या म्हातारीकडे सांभाळायला ठेवली होती, ती दावणीवरून गायब झाली. तिसऱ्या दिवशी खबऱ्याने सांगितलं, नांदूरघाटच्या शिवारात एका धनगराच्या मेंढरांत गाय चरतेय. आम्ही धनगराला गाईसकट ठाण्यात आणलं.

"गाय तू सोडलीस?"

"व्हय."

"मालकाला विचारलंस?"

"न्हाई."

"मग का सोडलीस?"

"भंडारा उचललाय सायेब. सांगता येत न्हाई."

खंडोबाचा भंडारा उचलून घेतलेली शपथ ही माणसं मोडत नाहीत, हे मला ठाऊक होतं. तरी मला तो माज वाटला. चार शिव्या हासडल्या. तिकडे त्याची बायको माळावर एकटी मेंढरं आवरत होती. हा आत गेला असता तर कळपाची दाणादाण उडाली असती. तो रडकुंडीला आला, पण तोंड उघडलं नाही. मी गुन्हा नोंदवायला सांगणार, तोच जमादार आडवे आले.

"सायेब, दिंद्रुडच्या एकानं शेजाऱ्याची गाय सोडली, ती थेट बाजाराला नेली. चकलांब्याच्या एकानं सोडली, ती पेटलेल्या गोठ्यातून. इचारलं दोघांनी बी न्हाई. ह्याला त्यातल्या कुणाशेजारी बसवायचा, ते आदी बगू."

"कायद्यात असली बसवाबसवी नसते, जमादार."

"कायदा बी हेतू इचारतोच की!"

ते गाईपाशी गेले. गळ्यात घंटा होती. "चोर आदी घंटा काडतो. हिची तर वाजत गेली. आन् बाजार ऱ्हायला उलट्या अंगाला. ह्यो गडी चकलांब्यावाल्याकडं सरकायलाय. पण तितं आग हुती. हितं काय पेटलं हुतं? भंडारा उचललाय म्हंजी कुणाची तरी लाज झाकायलाय. चला, म्हातारीकडं."

म्हातारी पदराखाली हात लपवून बसली होती. जमादारांनी पदर बाजूला करायला लावला. पडल्यामुळे मनगट सुजून टम्म झालेलं. पाणी शेंदता येत नव्हतं. गाय दोन दिवस तहानेने हंबरत होती.

"सांबाळीन म्हून जबान दिल्ती सायेब," ती रडायला लागली. "जमंना म्हनलं आस्तं, तर फुडल्या साली माज्या दारात कोन जनावर बांदील? म्याच त्याला न्यायला सांगितलं. भंडारा बी म्याच उचलाया लावला. त्याला सोडा."

फिर्यादीने मान खाली घालून तक्रार मागे घेतली. मी स्टेशन डायरीत नोंद केली आणि धनगराला सोडलं. माफी मात्र मागितली नाही. ती बोच अजून आहे.

पुढे सगळी नोकरी मी त्याच रीतीने केली. नवं प्रकरण आलं की दोन जुनी आठवायची, आणि जुळतंय काय यापेक्षा जुळत नाही काय, ते हट्टाने शोधायचं. कलम एकच असतं, माणसं नसतात. एकदा मात्र घाई केली. एक बाप कुणाला न विचारता लेकीला सासरहून घेऊन आला होता. मला तसाच एक जुना, भांडखोर बाप आठवला. फरक शोधलाच नाही; तिकडे काय पेटलं होतं, हे लेकीला विचारलंही नाही. समजूत घालून लेकीला परत पाठवलं. जाताना तिने एकदा वळून पाहिलं.

निवृत्त झाल्यावर हे सांगायला जमादारांच्या गावी गेलो. ते दोन महिन्यांपूर्वीच वारले होते. मी अंगणात बसून सगळं त्यांच्या बायकोला सांगितलं. म्हटलं, "काकू, ते असते तर काय म्हणाले असते?"

"आदी लई रागावलं आस्तं. मंग तुमाला घिऊन त्या पोरीच्या गावाला गेलं आस्तं." त्यांनी चहा पुढे केला. "तुमी गेलता का कदी?"

"नाही."

"मंग जावा की. हितं कशाला बसलाव?"

चहा तसाच ठेवून उठलो. गाडी त्या गावाच्या रस्त्याला लावली. बाजूला जमादार असायला हवे होते. वाटभर रडत गेलो.