पाठीवर पडलेला शब्द

झुंबरबाईचं माहेर पिंपळनेरच्या पलीकडचं, डोंगरातलं. तिथली माणसं तोंडाने कमी आणि सावलीने जास्त बोलत. हातांची, मानेची, पदराची सावली भिंतीवर किंवा जमिनीवर पाडायची आणि समोरच्याने ती वाचायची. या बोलींचं एक कुळच होतं. शेकोटीची बोली सगळ्यांत जुनी, बाकीच्या तिच्या लेकी. उन्हाची बोली शेतातली, ठसठशीत. दिव्याची घरातली, ज्योत हलली की शब्दही हलत, म्हणून दिव्याजवळ माणसं तीच गोष्ट पुन्हा सांगत. चांदण्याची बोली इतकी फिकट, की तिच्यात कुणाला भांडता येत नसे.

ऐन दुपारी मात्र सगळ्या बोली बंद. सावली पायाखाली गेली की हात पोटाशी घ्यायचे. आणि कोणत्याही वेळी शब्द माणसाच्या अंगावर पडू द्यायचा नाही. तो निघत नाही, माणसाला आतून खातो, असं सगळे मानत. झुंबरबाई लहान असताना तिच्या आईने एकदा भर दुपारी घाईघाईने, वाकून शब्द टाकला. तो झुंबरबाईच्या भावाच्या, निंबाच्या छातीवर पडला. पाऊस यायच्या आत निंबा तापाने गेला.

लग्न होऊन ती साक्रीजवळ आली. नवरा हिलाल विहिरींमध्ये सुरुंग लावायचा. त्या आवाजांनी त्याचे कान पार गेले होते. तिने कोनाड्यात दिवा ठेवून त्याला भिंतीवरची बोली शिकवली, मग उन्हातली. ज्यांच्या विहिरीचं काम चाललं होतं ते तोताराम नाना चेष्टा करत.

"हिलाल, तुन्ही बायको भितवर बोलस, मन्ही मन्हा तोंडवर. तूच सुखी शे, भो!"

झुंबरबाई ते जमिनीवर सांगे आणि हिलाल पोट धरून हसे.

सुरुंग ऊन कलल्यावर उडवायचे, ही त्यांची रीत. हिलाल वाती पेटवून वर येई, झुंबरबाई बाभळीखाली उभी राहून धमाके मोजी. एखादा राहिला तर ती सावलीने सांगे, थांब. ती काहीच बोलली नाही तर सगळे फुटले असं समजून तो खाली उतरे.

त्रेपन्न सालच्या वैशाखात नानांना घाई झाली.

"संध्याकाळनी वाट कसाले देखस? आतेच उडाव."

हिलालने तीन वाती पेटवल्या. सूर्य थेट डोक्यावर होता. जमीन हादरली, धूळ वर आली.

"फुटनात बठ्ठा!" सगळे फुटले असं समजून नाना म्हणाले आणि पाण्याची घागर घ्यायला वळले.

झुंबरबाईने दोनच ऐकले होते. ती सावलीतून उन्हात आली, हात उचलले आणि खाली पाहिलं. सावली पायाशी गोळा झाली होती. हात आपोआप पोटाशी आले. पलीकडच्या काठावर हिलाल तिच्याकडेच पाहत होता. ती गप्प दिसली तसा त्याने मान हलवली आणि दोर धरून तो खाली गेला.

मग ती धावली. "नाना, एक राह्यना! दोनच फुटनात!"

"दोन एकदम फुटना व्हतीन," म्हणत नाना काठावर आले आणि त्यांनी खाली पाहिलं. तळाशी हिलाल वाकून दगड बाजूला करत होता. त्याच्या मागे कपारीतून धुराची बारीक रेघ निघत होती.

नाना ओरडले. हिलालला काय कळणार? दोर त्याच्या पाठीमागे लोंबत होता. दगड टाकला तर तो वर पाहणार, आणि डोक्यावरच्या सूर्याने त्याचे डोळे दिपणार. तो पाहत होता फक्त जमिनीकडे. विहिरीच्या तळाला ऊन पोचतं ते याच वेळी. वरून पडणारी सावली तिथे पोचणार होती, पण तळ अरुंद होता. शब्द त्याच्या पाठीवर पडल्याशिवाय राहणार नव्हता.

झुंबरबाईला निंबाची छाती आठवली.

एवढ्या खोलीवर बोटांची सावली विरून जाते, हे तिला ठाऊक होतं. तिने पदर सोडला, दोन्ही हात लांब केले आणि काठावरून निम्मं अंग बाहेर झुकवलं. नानांनी तिचे पाय धरले. तिने सांगितलं: वर ये. अर्धा शब्द दगडांवर पडला, अर्धा हिलालच्या उघड्या पाठीवर.

हिलाल क्षणभर थिजला. भर दुपारी ती कधीच बोलली नव्हती. मग हातातला दगड टाकून तो दोरावर चढला. दोघांनी दोर वर ओढला. तो काठावर पालथा पडला आणि खाली तिसरा सुरुंग फुटला. दगडाचा तुकडा बाभळीच्या फांद्या मोडत गेला.

"वाचना रे, वाचना!" नाना रडत म्हणत होते. झुंबरबाई मात्र त्याच्या पाठीकडे पाहत होती. धुळीने माखलेल्या त्या पाठीवर काहीच दिसत नव्हतं, आणि त्याचीच तिला भीती वाटत होती.

त्या संध्याकाळपासून ती रोज राखेने त्याची पाठ घासू लागली. तो जरा खोकला, की दोनदा.

"मन्ही पाठ झिजी जाई," तो म्हणे.

त्या वर्षी पाऊस आला, गेला. हिलालला साधा तापही आला नाही. एके दिवशी पाठ घासून घेता घेता त्याने कोनाड्यातल्या दिव्यापुढे हात धरला आणि भिंतीवर विचारलं: गेला का?

झुंबरबाईने दिवा जवळ घेऊन पाठ नीट पाहिली. मग दिवा परत ठेवला, त्याला हाताने धरून एका बाजूला सरकवलं, भिंत पूर्ण मोकळी झाली याची खात्री केली, आणि उत्तर दिलं: अजून नाही.