अपिलापुरतं म्हातारपण

मुलुंडच्या आमच्या इमारतीतले हे काका दर रविवारी गॅलरीत आरसा टांगून केस काळे करतात. जिना धडाधड चढतात आणि लिफ्टसाठी थांबलेल्या पोरांना विचारतात, "काय रे, म्हातारे झालात?"

मारहाणीच्या जुन्या खटल्यात त्यांनी केलेल्या अपिलाची सुनावणी जवळ आली तेव्हा मात्र त्यांनी केस पांढरे होऊ दिले आणि मेहुण्याची काठी मागून आणली. मी विचारलं, "काका, पाय दुखतोय?"

"छे गं! वकील म्हणाला, वय दिसलं पाहिजे."

पाण्यावरून झालेल्या भांडणात काकांनी तळमजल्यावरच्या शेजाऱ्याला लोखंडी पाइपने मारलं होतं. तेव्हा मी शाळेतही जात नव्हते. त्या शेजाऱ्याचा उजवा हात अजून सरळ होत नाही. तो डाव्या हाताने जेवतो. अपिलात न्यायालयाने काकांना दोषी ठरवणारा निकाल कायम ठेवला. पण प्रकरण फार जुनं आणि आरोपी वृद्ध, म्हणून सुरुवातीला कोठडीत काढलेले थोडे दिवस हीच शिक्षा पुरेशी मानली. उशीर न्यायालयांनी केला आणि सवलत मारणाऱ्याला मिळाली. याला न्याय म्हणायला माझी जीभ वळत नाही.

त्या संध्याकाळी काका पेढे घेऊन घरोघर फिरले. शेजाऱ्याच्या दारातही गेले. मी जिन्यातच होते.

"घे रे, तोंड गोड कर. संपलं ना सगळं. माझं वय झालं आता."

"वय माझंपण झालंय," शेजारी म्हणाला. "मला काय सूट मिळाली?"

काकांनी क्षणभर विचार केला.

"बरं, मग तू दोन घे."