डेन्मार्कवाल्याचा नाद

माझ्या संसारात सवत आली नाही, डेन्मार्कवाला आला.

आमचे हे सरकारी कचेरीतून रिटायर झाले. लोक रिटायर झाल्यावर कलमं लावतात, गणपतीपुळ्याला जाऊन येतात. ह्यांनी मोबाइलवर शंभर वर्षांपूर्वीचा एक मुका सिनेमा बघितला, सगळा हातानं काढलेल्या चित्रांचा. काढणारा डेन्मार्कचा. झालं! ताटावर बसलं की तोच.

"अगो, आधी वर्तमानपत्रात व्यंगचित्रं काढायचा. मग एका कॅमेरावाल्याला धरून चित्रं चालती केलीन. एकेका हालचालीला ढीगभर कागद! आणि थोड्या वर्षांत सगळं सोडून परत वर्तमानपत्रात. का सोडलं असेल?"

"त्याच्या बायकोला विचारा. आमटी वाढू?"

मग स्वतःच सुरू झाले. जन्म फायलींत गेला, म्हणून प्रत्येक कागदाला पंचनं भोकं, भोकांत लेस, कोपऱ्यात नंबर. आणि चित्र काय? डोक्यावर गवताचा भारा घेऊन सड्याच्या उघड्या कातळावरून चाललेली एक बाई, पाठमोरी. दोनशे कागद, एकच बाई! जेवायच्या टेबलावर ती, दिवाणावर ती. पाहुणा आला तर बसवायचा कुठे? एक दिवस मी ओरडलेच, "ही आहे तरी कोण?"

"आय," म्हणाले. "एकदा चालताना बघायचीय."

सासूबाई मी पाहिल्या नाहीत. हे सहा वर्षांचे असताना त्या गेल्या. घरात त्यांचा एक फोटो नाही. आता यावर माणसानं भांडायचं कसं? पण माझा राग काही गेला नाही. पावसात कागद दमट होऊन वाकायचे, त्यांना इस्त्री मीच करायची. माझ्या साड्या पडल्या तशाच.

शेवटी मोबाइलवर एकेका कागदाचा फोटो काढून ह्यांनी ते जोडलं. जेमतेम वीस सेकंद. ते दाखवायला पालीहून थोरल्या नणंदेला बोलावलं. आईला चालताना बघितलेलं दुसरं माणूस आता तेवढंच उरलंय.

वन्संनी चष्मा पुसून तीनदा बघितलं.

"चाल तिचीच रे. पण आय अशी सरळ कधी गेली? दर चार पावलांनी मागं वळून बघायची. तू राहायचास ना मागं, भोकाड पसरून."

माझं डोकंच फिरलं. म्हणजे पुन्हा दोनशे कागद! "वन्सं, छान झालंय म्हणून मोकळं व्हायचं की हो! तुमचं काय जात होतं?"

हे मात्र मोबाइलवर ती पाठ पुन्हा लावून बघू लागले. मग म्हणाले, "वळली तर तोंड काढायला लागेल. मला तिचं तोंड आठवत नाय गो, आक्का."

इतके महिने मी त्या पाठीवर इस्त्री फिरवली, पण बाई पाठमोरीच का, हे एकदा विचारलं नाही. मलाच माझी लाज वाटली.

वन्सं उठल्या. खुर्ची फिरवून भिंतीकडे तोंड करून बसल्या. पदर डोक्यावर घेतला. त्यांचा तोंडवळा थेट आईचा, असं सगळी भावकी म्हणते. मग मान वळवून त्यांनी धाकट्या भावाकडे बघितलं आणि तशाच बघत राहिल्या. ह्यांच्या हातात पेन्सिल, पण कागद कोराच.

"काढ की रे," वन्सं म्हणाल्या, "मान अवघडली माझी."