काकांचा शब्द आणि कावळे

शहापूर आणि मुरबाड या दोन तालुक्यांत माझ्या मावशीच्या यजमानांच्या शब्दावर डोळे मिटून विश्वास ठेवणारं कोणी असेल, तर ते कावळे. माणसं ठेवत नसत. काका पंचायत समितीचे सदस्य होते, आणि खोटं बोलणं हा त्यांचा धंदा नव्हता, स्वभाव होता. समोरच्याचं उतरलेलं तोंड त्यांना बघवतच नसे. रस्ता मागितला, हो. पूल मागितला, हो. तानसाचं पाणी मुंबईला जातं आणि आमच्या बायका हंडे घेऊन वणवण फिरतात, असं एका गावाने सुनावलं, तेव्हा "पुढच्या उन्हाळ्याच्या आत पाइपच वळवतो," असं सांगून काका मोकळे झाले. त्यावर एक म्हातारा म्हणाला, "वळवा, पन जरा बेतानं. आमची घरं वाहून जातील." सगळ्यात मोठ्याने हसले ते काकाच. नव्वदच्या सुमारास घरी फोन आला, आणि पहिल्याच आठवड्यात त्यांनी तो उचलून "मी आता मंत्रालयात आहे, उद्या भेटू," असं कोणाला तरी सांगितलं. समोरच्याने शहापूरच्या घराचाच नंबर फिरवला होता, हे मावशीने त्यांना नंतर समजावून दिलं.

आता कावळ्यांचं. नदीवर कोणाचा दहावा असला, की पिंडाला कावळा शिवेपर्यंत मंडळी उन्हात ताटकळत. गेलेल्याचा जीव कशात अडकलाय ते ओळखून कोणीतरी शब्द द्यावा लागतो, आणि शब्द देण्यात काकांचा हात धरणारा कोणी नव्हता. पोराला नोकरीला लावतो, पोरीचं लगीन करून देतो, बांधाचं भांडण मिटवतो... एवढ्यात कावळा खाली आलेला असे. पुढे पुढे तर मुरबाडचे लोक जीप पाठवून त्यांना नेऊ लागले. "जित्या मान्सांनी मत नाय दिलं, पन मेलेली ऐकतात," असं काका खुशीत सांगत. मावशी चहा पुढे करत म्हणायची, "त्यांना काय पुना तुमच्या दारात यायचंय?"

थोड्याशा आजारपणाने मावशी गेली. दहाव्याला निम्मा तालुका लोटला होता. पिंड ठेवला, पण आंब्यावर बसलेले कावळे हलेनात. मावसभाऊ म्हणाला, "बाबा, तुमी बोला." काका पुढे झाले. देवळाला कळस चढवतो, म्हणाले. तुझ्या नावाने शाळेला खोली बांधतो. राजकारण सोडतो. एका कावळ्याने पंख झाडले आणि तो पुन्हा बसला. मागे कोणीतरी फिस्सकन हसलं. मला राग आला नाही, कारण मावशीही हसली असती. ऊन चढलं, तसे भटजी दर्भाचा कावळा करायला लागले. म्हणजे तिची इच्छा अपुरीच राहिली असं धरून विधी उरकायचा. ते मात्र काकांना सोसवेना. त्यांनी भटजींचा हात धरला, पिंडाजवळ उकिडवे बसले आणि सभेतला आवाज सोडून अगदी हळू म्हणाले, "म्हशाच्या जत्रंला तुला न्यायचं राहिलं गो. दर टायमाला पुढच्या वर्सी बोललो. या वर्सी नेतो. आपुन दोघंच."

लग्नापासून मावशी दर पौषात हेच ऐकत आली होती, आणि दर पौषात काका कार्यकर्त्यांची जीप भरून मुरबाडजवळच्या म्हसा गावी त्या जत्रेला जात होते. तरीही कावळा उतरला. भाबडी माझी मावशी, शेवटपर्यंत त्यांच्यावर विश्वास ठेवून गेली.

त्या पौषात मी घोंगडी घ्यायला म्हशाला गेलो होतो. जत्रेत काका दिसले. मागेपुढे एकही कार्यकर्ता नाही. कोणी रामराम घातला तर नुसती मान हलवत. बैलबाजाराकडे ते वळलेच नाहीत. बांगड्या, पितळी भांडी, लुगडी, अशा प्रत्येक दुकानापुढे थांबत, अजिबात घाई न करता चालले होते. मला हाक मारवेना. पुढे पाळण्यांपाशी गर्दी दाटली, तेव्हा त्यांनी डावा हात आडवा धरला, आपल्या शेजारी एका माणसापुरती जागा केली, आणि तसेच हळूहळू पुढे गेले.