ओकबुनताईंचं हसणं

कोरियातल्या सोलच्या माहितीपटवाल्यांत संकलक प्यो म्यंगहीचं नाव निघालं की कुणीतरी म्हणतंच, "कामाला चांगली, पण भांडकुदळ." माझ्या डोक्यात तिडीक जाते. मी तिच्यासोबत आवाजाचं काम केलंय. लग्नाचे व्हिडिओ जोडता जोडता ती या धंद्यात आली. कुणाचं बोलणं कापायचं असेल तर आधी त्याचं सगळं चित्रण बसून ऐकायची.

शाळांच्या स्वयंपाकघरात तळणीच्या धुरानं फुप्फुसं गेलेल्या बायकांवर दिग्दर्शक कू दोह्यननं माहितीपट केला; संकलन म्यंगहीचं, आवाजाचं काम माझं. त्यातल्या ओकबुनताई खोकत खोकत म्हणाल्या होत्या, "धूर ओढणारा पंखा दरवर्षी मागितला. साहेब म्हणायचे, खिडकी उघडा." म्यंगहीनं ते बोलणं जसंच्या तसं ठेवलं.

पैसे देणाऱ्या वाहिनीला ते टोचलं.

"ताई, तेवढं काढ ना," कू म्यंगहीला म्हणाला. "लोकांना जरा आशा वाटायला हवी."

"त्या बाईला श्वास घेता येत नाही आणि तुला आशा सुचतेय?"

मग त्यानं तिच्या नकळत दुसऱ्याकडून कापून घेतलं. नाव मात्र तिचंच ठेवलं.

पहिल्या खेळाला ओकबुनताई लेकीचा हात धरून आल्या. पडद्यावर प्रश्न आला, "शाळेवर राग आहे?" आणि उत्तरादाखल त्यांचं खळखळून हसणं! चित्रणाच्या दिवशी किमचीच्या लोणच्यात माझ्या हातून मीठ सांडलं म्हणून त्या हसल्या होत्या, तेव्हाचं.

"मी असं कुठं हसले गं?" त्यांनी लेकीला विचारलं.

खेळ संपताच म्यंगही भर सभागृहात उभी राहिली. "आजारी बाईचं हसू उचलून तिच्याच रागावर चिकटवलंस, आणि खाली माझं नाव? काढ ते!"

"हा कलात्मक निर्णय आहे," कू म्हणाला.

नाव निघालं, हसणं राहिलं. कूला पारितोषिक मिळालं. म्यंगहीला कामासाठी फोन येणं बंद झालं. पोटासाठी ती शिकवण्यांच्या जाहिराती जोडू लागली.

ओकबुनताई मात्र लेकीला घेऊन कूच्या दारात जाऊन बसल्या. "माझं बोलणं मला परत दे," म्हणाल्या. शेजारीपाजारी जमले, तेव्हा त्यानं सगळं चित्रण दिलं. म्यंगहीनं त्यातून छोटी फिल्म केली. इस्पितळातल्या खाटेवर ती बघून ओकबुनताई म्हणाल्या, "हां, हेच बोलले होते मी." उन्हाळ्याआधी त्या गेल्या.

स्वयंपाकिणींच्या संघटनेनं ती फिल्म दाखवली, तेव्हा मागच्या रांगेतून एक बाई उठली. "माझंही घ्या," म्हणाली. "पण न कापता."

म्यंगहीनं तिथंच कॅमेरा लावला.