सुगंधाच्या गोष्टीतली दुष्ट शेजारीण

टेमघरला आमच्या चाळीत माझ्या शेजारच्या खोलीत सुगंधा राहते. तिचा नवरा हरेश टेम्पो चालवतो आणि ती मानकोलीला पुस्तकांच्या एका गोदामात पॅकिंगला आहे. दुकानांतून परत आलेली, कव्हर दुमडलेली पुस्तकं तिथला सुपरवायझर कधीमधी कामगारांना वाटून टाकतो. त्यातली गोष्टींची पुस्तकं सुगंधा रीमासाठी आणायची.

रीमा ही हरेशच्या पहिल्या बायकोची, निशाची मुलगी. निशा आजारपणात गेली तेव्हा पोर रांगतही नव्हती. सुगंधा लग्न होऊन आली आणि रीमा तिच्या कडेवर चढली ती चढलीच. तिलाच ती आई म्हणायची. खरं काय ते मोठी झाल्यावर सांगू, असं नवराबायकोनं ठरवलं होतं. कधी, ते मात्र ठरवलं नव्हतं.

सुगंधा जेमतेम चौथी शिकलेली. संध्याकाळी ड्युटीवरून आली की रीमाला मांडीवर घेऊन गॅलरीत बसायची आणि शब्दाखाली बोट सरकवत वाचायची. माझा उभा जन्म नाटक कंपनीत गेलेला. माझ्याच्यानं ते ऐकवेना.

"अगं, राजा आहे ना तो? राजा काय रेशनच्या रांगेत उभा आहे असं बोलायला? छाती काढून बोल!"

"काकू, मला लाज वाटते," ती म्हणायची, पण पुढच्या ओळीला राजा गरजायचा. रीमा टाळ्या पिटायची. काय सांगू, त्या टाळ्या ऐकून माझ्याही अंगावर काटा यायचा.

एकदा गोष्टीत सावत्र आई आली. मुलीला कोंडा खायला घालायची आणि काळी घोंगडी पांढरी होईपर्यंत नदीवर धुवायला लावायची. सुगंधा थबकली. मला वाटलं, जोडाक्षर अडलं. मग तिनं वाचलं, "त्या मुलीची एक दुष्ट शेजारीण होती."

पुढे प्रत्येक पुस्तकात तेच. लहान मुलांच्या गोष्टींत ही सावत्र आई किती वेळा येते, ते मला तेव्हा समजलं, कारण तितक्या वेळा रीमा मान वळवून माझ्याकडे रोखून बघायची. शेजारीण मीच ना!

"राग मानू नका हां काकू," सुगंधा ओशाळून म्हणाली. "दुसरं कोणी सुचलंच नाही."

"राग कसला? कंपनीत सगळ्या खाष्ट बायका माझ्याच वाट्याला यायच्या. त्यात आणखी एक."

दुसरी पास झाली तेव्हा रीमा स्वतः घडाघडा वाचायला लागली होती. मे महिन्यात ती दिघाशीला गुणाबाईकडे गेली. गुणाबाई म्हणजे निशाची आई. रीमाच्या लेखी ती नुसती 'दिघाशीची आजी'. जाताना तिनं घोंगडीच्या गोष्टीचं पुस्तक आपल्या दप्तरात घातलं होतं, हे सुगंधाला माहीत नव्हतं.

सुट्टी संपत आली आणि निशाच्या भावाचा, भूपेशचा फोन आला. "रीमा आता इकडंच राहील. शाळेचं मी बघतो." हरेश "बरं" म्हणाला आणि फोन ठेवला. निशा त्याच्या घरात वारली, तेव्हापासून सासुरवाडीपुढे त्याची मान वर होत नाही. आणायला जायची वेळ आली तेव्हा त्याला ड्युटी होती. मग मी आणि सुगंधा निघालो. रीमाला घरी आणायचंच, एवढं एकच तिच्या डोक्यात होतं.

गुणाबाईनं आम्हाला पाणी दिलं, चहा केला. मग समोर बसली.

"पोर मना पुस्तक वाचून दाखवत होती. मधीच थांबली नि म्हनते, आजी, इथं चुकीचं छापलंय, आई तर शेजारीण वाचते. मंग तिनं इचारलं, सावत्र म्हंजे काय. मी काय सांगू? सांगितलं."

सुगंधानं पदराचं टोक मुठीत धरलं. "मी तिला फसवलं न्हाय. मांडीवर बसलेली असायची ती. तिच्या अंगावर हात ठेवून कसं वाचू, सावत्र आई वाईट होती म्हनून?"

"तुझं खरं हाय, बाय." गुणाबाईचा आवाज चढला नाही, तेच जड गेलं. "तू वाईट असतीस तर मी तवाच पोर उचलून आनली असती. पन तू सावत्र न्हाईस, तर मंग माझी निशा कोन होती? जलम तिनं दिला ना? तुझ्या गोष्टीत ती कुठं हाय?"

येताना रिक्षात मी मोठं भाषण जुळवलं होतं. पल्लेदार वाक्यं, हुंदक्यांच्या जागा, सगळं. त्यातलं एकही वाक्य इथं बसणारं नव्हतं. दोघींचंही खरं होतं. अशा प्रवेशात तिसऱ्या बाईला काही काम नसतं.

आतून रीमा आली. हातात पुस्तक. सुगंधाजवळ आली नाही, आजीला टेकून बसली.

"वाच," ती म्हणाली. "लिहिलंय तसं वाच."

सुगंधानं वाचलं. बोट सरकवत, अडखळत. सावत्र आई असं जिथं जिथं होतं, तिथं तिथं सावत्र आई. कोंडा वाचला, घोंगडी वाचली. शेवटी बाप त्या बाईला घराबाहेर हाकलतो, तेही वाचलं. नाटकात अशा वेळी पोर धावत येऊन गळ्यात पडते आणि प्रेक्षक डोळे पुसत घरी जातात. मी वाट बघितली. रीमा बोटानं जमिनीवर रेघा ओढत राहिली.

"शाळा सुरू होऊ दे, मंग बघू," गुणाबाई म्हणाली.

"बघायचं काय त्यात?" भूपेश अंगणातून ओरडला. "नाव घातलंय शाळेत!"

गुणाबाई उठली. तिनं घरचे आंबे आणून सुगंधाच्या पिशवीत भरले. सुगंधानं ते घेतले. पोर भांडून मागावी, तर कुठल्या हक्कानं मागणार? ज्याला हक्क होता, तो ड्युटीवर होता.

आम्ही रिक्षात बसलो. तेवढ्यात रीमा फाटकापर्यंत धावत आली. हाक मारायला तिनं तोंड उघडलं, मागे वळून आजीकडे बघितलं आणि तशीच उभी राहिली. कोणत्या नावानं हाक मारायची ते तिला कळेना. सुगंधा खाली वाकून वाट बघत होती. गुणाबाई दारात होती, मी रिक्षात होते. पोरीला ते सांगायला आमच्यापैकी कुणाचीच जीभ उचलली नाही.

"थांबू का निघू?" रिक्षावाल्यानं विचारलं.

सुगंधा म्हणाली, "निघा."